पाच कागदांवरचा माणूस

सरकारनं कुमुदिनी हिरवेला गप्प बसण्यासाठी नोकरीवर ठेवलं होतं. कचेरीत हा विनोद सगळ्यांना पाठ होता, कारण एरवी ही बाई बोलायला लागली की थांबायचं नाव घेत नसे. पदाचं नाव मात्र भारदस्त: पंचनामा लेखनिक, कालविक्षोभ निवारण कक्ष. काम एवढंच, की पिवळ्या पट्टीच्या अलीकडे घडीच्या खुर्चीवर बसायचं, पाच पंच पट्टी ओलांडून आत गेले की वेळ टिपायची, ते परत आले की त्यांचे पाच कागद ताब्यात घ्यायचे, आणि मधल्या वेळात तोंडातून अवाक्षर काढायचं नाही.

पंचनामा म्हटल्यावर हसू नये. आपल्याकडे चोरी झाली, अपघात झाला, गारपिटीनं बाग झोपली की पंच येतात, पाहतात, सही करतात. पुष्कळदा न पाहताही करतात. तीच जुनी पद्धत शास्त्रज्ञांनी नाइलाजानं उचलली होती. झालं होतं असं, की वीज साठवायला पठारांच्या पोटात पुंजकोठ्या बांधल्या गेल्या. अणूला असं की तसं ते ठरवू न देता अधांतरी धरून ठेवलं, तर त्या अधांतरीपणातच प्रचंड ऊर्जा साठून राहते, असं ते तंत्र. मोठं हुशारीचं होतं. पण कोठीला बारीकशी जरी गळती लागली, तरी तो अधांतरीपणा दगडामातीतून वर झिरपे आणि वरचं गावही ठरायचं थांबे. एकाच जागी दोन भूतकाळ नांदायला लागत. अधिकारी त्याला कालविक्षोभ म्हणत; लोकांनी दुपेड म्हटलं आणि तेच नाव चाललं. पहिला मोठा दुपेड पडला तेव्हा नदीवरचा एक पूल बांधलेला होता आणि नव्हताही, आणि त्याच्यावर एक भरलेली बस होती. चाळीस तासांत दुपेड मिटवला नाही तर तो पसरतो, हेही त्याच वेळी कळलं.

मिटवायचा कसा, हे शोधायला दोन वर्षं गेली. कॅमेरे कुचकामी ठरले. यंत्र आत गेलं की तेही दुपेडी होई आणि दोन्ही फोटो घेऊन बाहेर येई. माणसाचं मन मात्र एका वेळी एकच काहीतरी पाहतं, आणि ते हातानं लिहिलं की तेवढं ठरून जातं. पण एकट्यादुकट्याच्या लिहिण्यावर भरवसा नाही, कारण माणूस त्याला हवं ते पाहतो. म्हणून पाच. त्या जागेशी काडीचाही संबंध नसलेले पाच त्रयस्थ. प्रत्येकानं सगळी हद्द फिरायची, प्रत्येक दाराला हात लावायचा, एकमेकांशी न बोलता शिसपेन्सिलीनं लिहायचं. पाचही कागदांवर जे जुळतं ते राहतं, बाकीचं गळून जातं. घर असो, झाड असो, माणूस असो, नियम एकच. कक्षाच्या प्रमुख अनुजा पाठारे मॅडम प्रशिक्षणात नेहमी सांगत, "कागदाला खरंखोटं कळत नाही. पाच जुळले की झालं. म्हणून तर आपण शपथ घ्यायला लावतो."

फेब्रुवारीतल्या एका सकाळी खडकदऱ्याला दुपेड पडला. गावाचं नाव कुमुदिनीनं जीपमध्ये बसल्यावर ऐकलं. खडकदऱ्याच्या उपसा सिंचन योजनेवर तिचा नवरा मुरलीधर पंप चालवायचा आणि सहा वर्षांपूर्वी तो तिथंच वारला होता. पाठारे मॅडम पुढच्या सीटवर बसून आकडे वाचत होत्या: गळती उत्तरेकडून, हद्द दीड किलोमीटर, दुसरा पेड साधारण सहा वर्षं मागून फुटलेला. म्हणजे त्या हद्दीत एका पेडात अजून सहा वर्षांपूर्वीचाच दिवस थांबलेला होता, आणि त्यात मुरलीधर जिवंत होता. पाच कागदांवर जर तो आला, तर तो राहणार होता. जुळला नाही, तर दुसऱ्यांदा जाणार होता. नियमानं कुमुदिनीनं आपलं नातं सांगून तिथल्या तिथे जीपमधून उतरायला हवं होतं. तिनं तोंड उघडलं आणि मिटलं.

"हिरवेबाई, काही म्हणायचंय?"

"नाही, मॅडम."

पंच चार वर्षं तेच होते. दुसऱ्या जिल्ह्यातून मुद्दाम आणलेली, नेमस्त, पापभीरू माणसं. म्होरके भागवत केदारे, निवृत्त पोस्टमन, गुडघ्यांनी जेरीला आलेले. दुसऱ्या रझिया तांबोळी, शिवणक्लास चालवणाऱ्या. बाकी तिघंही तशीच. काम आटोपलं की चहाच्या टपरीवर सगळे बसत आणि गप्प बसून आंबलेली कुमुदिनी तिथं मनसोक्त बोले. बोलायला विषय एकच, मुरलीधर. आमच्या ह्यांनी कधी आवाज चढवला नाही. संत्र्याची एकेक शीर काढून फोड माझ्या हातात ठेवायचे. आमच्या लेकीच्या, केतकीच्या लग्नात शेवटचा वाढपी जेवेपर्यंत पानावर बसले नाहीत. गेले तेही कसे, वर नियंत्रण कक्षात, खुर्चीवर, हातात चहाचा कप, झोप लागल्यासारखे. रझियाताई पदरानं डोळे टिपत. केदारे म्हणत, "असा माणूस बघायला मिळाला असता तर पाया पडलो असतो."

यातलं संत्रं तेवढं खरं होतं. मुरलीधर तापट होता, भयंकर तापट. आमटीत मीठ कमी पडलं तर त्याच्या ठेवणीतल्या शिव्या चौथ्या घरापर्यंत जात. दहा मिनिटांत पारा उतरे आणि मग तो संत्रं सोलायला घेई. माफी मागायची ती त्याची रीत. आणि तो खुर्चीवर गेला नव्हता. तो खाली, दोनशे पायऱ्या उतरून नदीकाठच्या पंपघरात गेला. पाइप फुटला, पाण्याच्या दाबानं लोखंडी दार उघडेना आणि तो ते बराच वेळ बडवत होता, असं वरच्या कामगारानं नंतर सांगितलं.

त्या सकाळी त्याला ताप होता. आज जात नाही, म्हणाला. कुमुदिनी कशावरून तरी आधीच करवादलेली होती. "रोजचं निमित्त आहे तुमचं," ती म्हणाली. "जा. आणि परत तोंड दाखवू नका." मुरलीधरनं डबा उचलला आणि एक शिवी न देता निघून गेला. बावीस वर्षांच्या संसारात तो असा मुकाट घराबाहेर पडला, ती एकच सकाळ. हे तिनं कोणालाही, लेकीलासुद्धा, सांगितलं नव्हतं. तिला तो परत हवा होता, पण त्याहून जास्त तिला त्याच्या तोंडून ऐकायचं होतं की चूक तुझी होती, भवाने. त्यानं कडकडून शिव्या घातल्या असत्या तर सहा वर्षांत पहिल्यांदा तिला नीट झोप लागली असती.

पट्टीपाशी केदाऱ्यांनी योजनेचा गंजका फलक वाचला आणि वळून तिच्याकडे पाहिलं.

"बाई, हे तुमच्या साहेबांचंच गाव ना?"

ती गप्प बसली. नियमच होता तसा. पण कधी नव्हे ते तिचं गप्प बसणं इतकं बोलकं होतं की पाचही जणांना काय ते समजलं. पाठारे मॅडम पलीकडे फोनवर होत्या. दोन शब्द बोलायला पुरेशी सवड होती: खाली उतरा. कुमुदिनीच्या जिभेवर ते आले होते. पण ते उच्चारले तर पंचनामा बाद झाला असता, नोकरी गेली असती, आणि खरं सांगायचं तर तिला लाज वाटली. ज्या माणसांनी तिनं रचलेल्या खुर्चीतल्या मरणावर डोळे पुसले होते, त्यांना आता ते सगळं खोटं होतं असं कसं सांगायचं? तिनं घड्याळात पाहून वेळ टिपली. दहा चाळीस.

पंच एक वाजून पाच मिनिटांनी परत आले. कोणी तिच्या नजरेला नजर देईना. तिनं कागद घेतले. पहिल्यावर होतं, "नियंत्रण कक्षात खुर्चीवर अंदाजे पन्नाशीचे, शांत चेहऱ्याचे गृहस्थ, हातात चहाचा कप." दुसऱ्यावर तेच. तिसऱ्यावर, चौथ्यावर, पाचव्यावर तेच, शब्दाला शब्द. बाईनं स्वतः शिवलेलं पोलकं दुसऱ्याच्या अंगावर ओळखावं, तसे तिनं आपले शब्द ओळखले.

"इतका जुळलेला पंचनामा मी पाहिला नव्हता," पाठारे मॅडम म्हणाल्या.

कुमुदिनीला त्या क्षणी सगळं कळलं होतं आणि तिनं ते कळून घेतलं नाही. दुसऱ्या पेडात तो खाली उतरलाच नसेल, वरच बसला असेल, ताप होता ना, असं तिनं स्वतःला समजावलं आणि पाची कागदांवर शिक्का मारला. पंधरा मिनिटांत हवेतली दुपेडाची चमत्कारिक थरथर थांबली. योजनेच्या फाटकातून मुरलीधर चालत आला. तोच चेहरा, तीच डावीकडे झुकलेली चाल, हातात रिकामा कप.

"कुमुद," तो म्हणाला, "दमलीस का गं?"

ती रस्त्यातच खाली बसली आणि ढसाढसा रडली.

सरकारी भाषेत मुरलीधर आता 'पुनःप्राप्त' होता. पंचेचाळीस दिवसांनी ओळख तपासणी व्हायची होती. नातं लपवल्याबद्दल कुमुदिनीला लेखी ताकीद मिळाली, बाकी पंचनामा जुळलेला होता. पहिला आठवडा कुमुदिनी हवेत होती. दुसऱ्या आठवड्यात तिनं आमटीत मीठ कमी घातलं, चुकून नव्हे. "छान झालीय," तो म्हणाला. तिसऱ्या आठवड्यात मीठ घातलंच नाही. त्यानं दोनदा मागून घेतली.

त्याला आठवे ते थोडकं, आणि जे आठवे ते तिच्याच शब्दांत. केतकीच्या लग्नाचा विषय निघाला की तो म्हणे, "शेवटचा वाढपी जेवेपर्यंत मी पानावर बसलो नाही." मांडव कुठं घातला होता, व्याह्यांशी कशावरून वाजलं होतं, विचारलं की नुसता हसे. ते हसूही चांगलं होतं. त्याच्यात नाव ठेवायला जागाच नव्हती, आणि तेच तिला सोसेना.

केतकी पुण्याहून आली. लहानपणी बापाचा आवाज चढला की ही पोर टेबलाखाली जाऊन बसायची. जेवताना तिच्या हातून आमटीची वाटी कलंडली आणि पांढऱ्या चादरीवर पसरली. केतकीनं मान खाली घातली आणि वाट पाहिली. सत्तावीस वर्षांची बाई, पण खांदे तसेच आवळलेले. मुरलीधरनं खांद्यावरचा पंचा काढून आमटी पुसली. "भाजलं नाही ना, बाळ?"

स्वयंपाकघरात येऊन केतकीनं दार लोटलं.

"आई, हे बाबा नाहीत."

"काहीतरीच बोलू नकोस."

"नाहीत गं. तुलाही माहितीय." ती दाराला टेकली. "पण मला हे चालतील. खरं सांगते, मला हेच चालतील. तू काही बोलू नकोस कोणाला."

कुमुदिनीला लेकीचा राग आला आणि तिची कीवही आली. पोरीला बाप मिळाला होता, त्यात तिचं काय चुकलं? फक्त जो तिला मिळाला होता, त्याच्याकडे कुमुदिनीला हवं होतं ते नव्हतं.

अखेर एका दुपारी, तो संत्रं सोलत बसला असताना, तिनं सगळं सांगून टाकलं. ताप, भांडण, डबा, तोंड दाखवू नका. सहा वर्षांत पहिल्यांदा ते शब्द तिच्या तोंडून बाहेर पडले.

तो नीट ऐकत होता. ऐकून झाल्यावर म्हणाला, "ताप आहे हे मीच नीट सांगायला हवं होतं."

"सांगितलं होतंत तुम्ही. मी ऐकलं नाही."

"रागात माणूस बोलतो गं."

"मी तुम्हाला घालवलं. माझ्यामुळे गेलात."

"तू कुठं काय चुकलीस?" त्यानं संत्र्याची शीर काढली आणि फोड तिच्या हातात ठेवली. "उगाच जिवाला लावून घेतेस."

तिनं ती फोड खाल्ली नाही. ज्या भांडणाबद्दल तिनं कोणाला सांगितलंच नव्हतं, ते या माणसाच्या आयुष्यात झालेलंच नव्हतं. तो तिला माफ करत नव्हता. त्याच्या लेखी माफ करण्याजोगं काही नव्हतंच.

तपासणीच्या आदल्या दिवशी ती सकाळची गाडी पकडून केदाऱ्यांच्या गावी गेली. म्हातारा अंगणात गुडघ्यांना तेल लावत बसला होता. तिला पाहून त्याचा चेहरा आधी उजळला आणि मग पडला.

"साहेब बरे आहेत ना?"

"बरे आहेत. मला खरं काय ते सांगा. आत काय झालं?"

केदाऱ्यांनी तेलाची वाटी बाजूला सारली. "कक्ष रिकामा होता, बाई. खुर्ची होती, कप होता, माणूस नव्हता. रझियाताई रडायला लागल्या. बाई बाहेर वाट बघतायत, काय तोंडानं परत जायचं, म्हणाल्या. मग आम्ही बोललो. चार वर्षांत पहिल्यांदा आत एकमेकांशी बोललो. तुम्ही सांगितलं होतं तसंच लिहिलं."

"खाली गेला नाहीत?"

"दोनशे पायऱ्या, बाई. माझे गुडघे तुम्ही बघताच. आणि तुमचे साहेब वर खुर्चीतच गेले, हे आम्हाला ठाऊक होतं. खाली कशाला जायचं?"

"खाली कोणी नव्हतं ना?" तिनं विचारलं. नाही म्हणा, तिचं सगळं अंग सांगत होतं, नाही म्हणा.

"होता ना कोणीतरी," केदारे म्हणाले. "वरपर्यंत आवाज येत होता, लोखंडी दार बडवत होता. आणि काय शिव्या हो त्या! रझियाताईंनी कानांवर हात ठेवले. बायकोच्या नावानं खडे फोडत होता. घरी आलो की बघतो तुझ्याकडे, म्हणत होता. आम्ही म्हटलं, हा कोणी दुसराच. तुमचे साहेब कधी आवाज चढवायचे नाहीत."



"मग लिहिलं का नाही त्याला?"

"पाच कागद लिहून झाले होते. त्याला कोणी बघितलेला नव्हता. वर्णन कोणाचं चुकलं असतं, तर सगळंच विस्कटलं असतं. तुमचे साहेब हातचे गेले असते." म्हाताऱ्याचे डोळे भरले होते. "त्याच्याही घरी कोणी असेल, हे मनात येतं. झोप लागत नाही. पण आमच्यासमोर तुम्ही होतात, बाई. त्याला आम्ही सोडला."

तिनं त्यांना काही सांगितलं नाही. सांगून त्या पापभीरू म्हाताऱ्याच्या पदरात काय पडणार होतं? ती त्यांच्या पाया पडली, ते ओशाळून नको नको म्हणत असताना, आणि परतीच्या गाडीत बसली. सबंध वाटेवर तिच्या मनात एकच होतं: तो येणार होता. चिडलेला, तापानं फणफणलेला, तिला फैलावर घ्यायला घरी येणार होता.

दुसऱ्या दिवशी पाठारे मॅडम स्वतः तपासणीला आल्या. मुरलीधरनं त्यांना चहा करून दिला. मॅडमनी फॉर्म काढला.

"एकच महत्त्वाचा प्रश्न आहे, हिरवेबाई. परत आलेली व्यक्ती तीच आहे का?"

"नाही म्हटलं तर काय होतं?"

मॅडमनी पेन खाली ठेवलं. "मिटलेला दुपेड परत उघडत नाही, हे तुम्हाला माहिती आहे. गळालं ते गळालं. फक्त ह्यांना निरीक्षणगृहात न्यावं लागेल. तिथून सहसा कोणी परत येत नाही." त्यांनी आवाज उतरवला. "का विचारताय?"

मुरलीधर दारात उभा होता. मॅडमच्या कपाखाली बशी द्यायची राहिली म्हणून तो बशी घेऊन आला होता. त्या माणसाचा गुन्हा एवढाच होता, की तिनं त्याला चांगला म्हटलं होतं.

"तेच आहेत," कुमुदिनी म्हणाली आणि सही केली.

जीप गेल्यावर तिनं दार लावून घेतलं. मुरलीधर कप विसळत होता. ती त्याच्यामागे जाऊन उभी राहिली.

"माझं एक ऐकाल?"

"सांग ना."

"मला शिव्या द्या."

तो वळला. त्याच्या चेहऱ्यावर काळजी होती, फक्त काळजी. "मला येत नाहीत गं."

"मी सांगते."

तिनं मुरलीधरच्या ठेवणीतल्या एकेक शिव्या आठवून आठवून सांगितल्या, बावीस वर्षांत कानांवर पडलेल्या सगळ्या, कधी कशावरून तो कोणती द्यायचा त्यासकट. त्यानं लक्ष देऊन ऐकल्या. मग हात पुसले, तिच्यासमोर उभा राहिला, आणि तिला वाईट वाटू नये अशा बेतानं, हळू आवाजात, एकामागून एक सगळ्या म्हणून दाखवल्या.

"बरोबर म्हटल्या का?" त्यानं विचारलं.